पखवाजवाला पायांकडे बघतो

कुडाळजवळ माझी रेकॉर्डिंगची एक खोली आहे. पडवीला भिंती घातल्या, आतून गोणपाट आणि जुन्या गाद्या ठोकल्या, झाली खोली. इथे डबलबारीचे, म्हणजे भजनाच्या सामन्याचे, बुवा येतात, दशावतारातले गाणारे हरदास येतात, जत्रेची जाहिरात करून घ्यायला रिक्षावाले येतात आणि निवडणूक आली की एकाच चालीवर तीन पक्षांची गाणी होतात. पावसाळ्यात मात्र धंदा बसतो. कौलांवर सर कोसळली की माइकला बुवा कमी आणि पाऊस जास्त ऐकू येतो. आणि नेमकी तेव्हाच मुंबई-पुण्याकडची सिनेमावाली मंडळी कोकणात उतरतात, कारण त्यांना हिरवं हवं असतं.

त्यांच्यातलं कोणीतरी हमखास माझ्याकडे येतं. मागणी ठरलेली असते: थोडं गाऱ्हाणं, थोडा शिमग्याचा ढोल, पखवाजाचा एखादा तुकडा. 'बॅकग्राउंडला लागेल.' पेन ड्राइव्हवर घालून द्यायचं. मी देतो आणि पैसे घेतो, उगाच साळसूदपणाचा आव आणत नाही. वर्षभराने तो सिनेमा मोबाइलवर बघायला मिळतो. खाडीवरून ड्रोन सरकतो, माडांची रांग दिसते आणि बासरी सुरू होते. बासरीमागून व्हायोलिनं. आईच्या डोळ्यांत पाणी यायच्या आधीच व्हायोलिनांच्या डोळ्यांत आलेलं असतं. मी दिलेला पखवाज जत्रेच्या दृश्यात आठ सेकंद वाजतो. फोडणीतल्या कढीपत्त्यासारखा. चव आली की ताटाच्या कडेला.

हिरवं दिसलं की बासरी, हा नियम कोणी केला कोण जाणे. मी इथे जन्मलो, पन्नाशीला आलो, भातशेतीत बासरी वाजवणारा माणूस मला अजून भेटायचाय.

थोडक्या पैशांत, स्वतःच्या हिमतीवर होणारे हे स्वतंत्र सिनेमे कथेत धाडस करतात, नवखे चेहरे घेतात, कॅमेरा पाच-पाच मिनिटं हलवत नाहीत. संगीताशी आले की मात्र मळलेली वाट. याचं खापर संगीतकाराच्या माथी मारण्यात अर्थ नाही. त्याला बोलावतात केव्हा, ते बघा. चित्रीकरण संपतं, संकलन होतं, निर्मात्याचे पैसे संपत येतात, आणि तेव्हा संगीतकाराची आठवण होते. तोवर संकलकाने लय सांभाळायला कुठल्यातरी परदेशी सिनेमाचं संगीत तात्पुरतं लावून ठेवलेलं असतं. दिग्दर्शकाने ते दोन महिने ऐकलेलं असतं आणि त्याच्या कानात ते घट्ट बसलेलं असतं. मग संगीतकाराला सांगतात, असंच काहीतरी दे, पण आपलं वाटलं पाहिजे. तीन आठवडे आहेत. हा बिचारा आपल्या खोलीत संगणकावर बसून 'आपलं' शोधतो. त्यातून बासरी निघाली तर नवल काय?

म्हणून माझं म्हणणं एवढंच आहे की प्रयोगशील पार्श्वसंगीत हवं असेल तर संगीतकाराला कॅमेऱ्याच्या आधी गावात आणा, त्या राहण्याचे पैसे अंदाजपत्रकात वेगळे धरा, आणि त्याने ज्यांच्याकडून आवाज घेतले त्यांची नावं पडद्यावर लिहा. वाद्यं विचित्र असण्यापेक्षा कामाचा क्रम बदलणं हा मला मोठा प्रयोग वाटतो.

हे मी हवेत बोलत नाही. काही वर्षांपूर्वी एक तरुण संगीतकार मे महिन्याच्या शेवटी माझ्याकडे आला. सिनेमा छोटा होता आणि चित्रीकरण जुलैत होतं. याने दिग्दर्शकाशी भांडून दीड महिना आधीचं येणं मागून घेतलं होतं. पहिल्या दिवशी त्याने माझ्याकडे काही मागितलं नाही. 'काका, इथे रात्री सगळ्यात शांत कुठे असतं?' असं विचारलं. मी हसलो. कोकणात मेच्या अखेरीस रात्री शांत कुठेच नसतं. रातकिड्यांची किर्र साधारण चार-पाच हजार हर्ट्झच्या आसपास बसते आणि एकदा कानात गेली की सकाळपर्यंत निघत नाही. सिनेमाच्या ध्वनिमुद्रकाचं तर ती डोकं उठवते. एका टेकला किडे बोलतात, दुसऱ्या टेकला गप्प होतात. दोन्ही तुकडे जोडले की संवादाच्या मधोमध किर्र तुटते आणि प्रेक्षकाला नेमकं काय झालं ते न कळताही काहीतरी खटकतं. हा सांधा लपवायला वरून संगीत ओततात. बऱ्याच सिनेमांत जे संगीत भावना वाढवायला आहे असं आपल्याला वाटतं, ते खरं तर फाटकं जोडायला लावलेलं ठिगळ असतं.

त्या मुलाने किर्र हीच पट्टी धरली. सगळे सूर तिच्या खाली ठेवायचे, तिच्या वाटेला जायचं नाही, आणि एका ठिकाणी, जिथे घरातला म्हातारा जातो, तिथे ती अचानक बंद करायची. बस्स. तिथे दुसरं काहीच नाही. मी ते दृश्य पूर्ण झाल्यावर पाहिलं तेव्हा मला आधी वाटलं की माझा स्पीकर गेला.

पाऊस सुरू झाल्यावर आम्ही तीन छपरांखाली रेकॉर्डिंग केलं. आमच्या घराची मंगलोरी कौलं, शेजारच्या गोठ्याचा पत्रा, आणि मळ्यातला मांगर, म्हणजे माडाच्या झावळ्यांनी शाकारलेली खोपी. पत्र्यावर पाऊस आदळतो, कौलांवर तो घरंगळतो. मांगरावर थेंब पडल्याचा आवाज जवळजवळ येतच नाही, आत बसलं की नुसता एक दाबलेला श्वास ऐकू येतो. पाऊस थांबल्यावर पागोळ्यांचं गळणंही तिन्हीकडे वेगळं. सिनेमातली बाई सासरच्या कौलारू घरातून भावाच्या पत्र्याच्या खोलीत राहायला जाते. नुसतं छप्पर बदलल्याने तिचं काय झालं ते कळत होतं. पटकथेत एक लांब संवाद होता, तो संकलनात उडाला.

आणखी एक गोष्ट त्याच्याकडून शिकलो. पावसाच्या आवाजात खालपासून वरपर्यंत सगळ्या पट्ट्या भरलेल्या असतात. त्याच्यावर चाळीस व्हायोलिनं घातली की चिखल होतो, व्हायोलिनंही धड ऐकू येत नाहीत आणि पाऊसही. पावसाच्या दृश्यात संगीत करायचं तर पावसातूनच काहीतरी काढून टाकायचं आणि त्या रिकाम्या फटीत एकच सूर ठेवायचा. हे मी वीस वर्षं डबलबारी रेकॉर्ड करताना बुवांच्या गळ्याला जागा करून द्यायला करतच होतो. पण त्याला संगीत म्हणतात हे मला ठाऊक नव्हतं.

सगळं जमलं असं नाही. रहाटाच्या करकरीवरून त्याने एक धून बांधली होती. आठ दिवस त्यात गेले. ऐकायला ती उंदीर सापळ्यात अडकल्यासारखी होती. रापणीचा, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याचा, प्रयोगही असाच. पहाटे किनाऱ्यावर दोन्ही टोकांनी माणसं दोर ओढत होती, ओला दोर तळहातांतून सरकताना घासत होता, पुढारी हाळी देत होता आणि मागचे एका दमात उत्तर देत होते. इतकं सुंदर रेकॉर्डिंग माझ्या हातून क्वचित झालंय. सिनेमात त्याला जागाच नव्हती, कारण त्या कथेत समुद्र नव्हता. दिग्दर्शकाला मोह झाला होता कुठेतरी घालायचा. संगीतकाराने नको म्हटलं. मला वाटतं त्याच्या सगळ्या कामात ते 'नको' सगळ्यात भारी होतं.

आता तात्यांविषयी. तात्या दशावतारात पखवाज वाजवतात. जत्रेत रात्री धुमाळी वाजली की बसायचं आणि पहाटे दहिकाला होईपर्यंत उठायचं नाही, असं त्यांचं आयुष्य गेलं. रंगमंचाच्या एका बाजूला पेटी, पखवाज आणि झांज. मध्ये एक बाकडं, तेच सिंहासन, तोच पर्वत. नाटकाची लिखित संहिता नसते. आख्यान कोणतं आणि कोण कोणाला मारणार एवढं ठरतं, पुढचं सगळं तिथल्या तिथे. म्हणजे पखवाजवाल्याला पुढचं वाक्य काय येणार हे माहीत नसतं. तरी राक्षसाच्या एंट्रीला थाप बरोबर पडते. कसं काय, असं त्या मुलाने विचारलं. तात्या म्हणाले, 'पायाक बघून वाजवतंय मी, तोंडाक नाय.' नट बोलणार काय ते तोंड सांगतं, पण तो करणार काय ते पाय आधी सांगतात. टाच उचलली की तात्यांचा हात सुटतो.

दिग्दर्शकाने तात्यांना संकलित दृश्य दाखवलं. मुलगा आईच्या मांडीवर डोकं ठेवून रडतो. तात्पुरतं संगीत लावलेलं होतं, खर्जातलं, गंभीर. तात्या शेवटपर्यंत बघून म्हणाले, 'तो रडताहा, तर आपण कित्याक रडूचा?' खोलीत कोणी काही बोललं नाही. दुसऱ्या दिवशी ते संगीत काढलं.

पार्श्वसंगीतावर मी जेवढं वाचलंय त्यात याहून नेमकं काही मला सापडलं नाही. म्हणूनच 'आपल्या प्रेक्षकाला असलं प्रायोगिक झेपत नाही' हे ऐकलं की मला राग येतो. आमचा प्रेक्षक थंडीत चटईवर बसून सहा-सात तास तीन वाद्यांवर देव-दानवांचं युद्ध बघतो. नुसत्या पखवाजावर चाललेली लढाई त्याला कळते, मध्येच वाद्यं थांबली आणि संकासुर नुसता चालत फिरला तरी तो उठून जात नाही. संगीताने बोट धरून नेण्याची सवय त्याला सिनेमाने आणि मालिकांनी लावली. ती जन्मजात नाही.

कोणी म्हणेल, रविशंकरांनी १९५५ च्या 'पथेर पांचाली'चं संगीत एका रात्रीच्या बैठकीत उरकलं होतं, तेही साधारण अर्धाच सिनेमा पाहून. मग दीड महिना कशाला? प्रश्न रास्त आहे आणि माझ्या म्हणण्याला अडचणीचा आहे. पण त्या सिनेमातला सगळ्यात गाजलेला क्षण बघा. दुर्गा गेल्यावर बाप घरी परततो आणि आई हंबरडा फोडते. तिचा आवाज आपल्याला ऐकूच येत नाही, त्या जागी तारशहनाई, गजाने वाजवायचं तंतुवाद्य, किंचाळते. तिथे मुळात कोणता आवाज काढून टाकायचा हे ठरलेलं होतं, आणि ते ठरवणारा दिग्दर्शक त्या गावात वर्षानुवर्षं चित्रीकरण करत होता. कान आधीच गावात पोचलेला होता. पुढे १९६१ च्या 'तीन कन्या'पासून सत्यजित राय आपल्या सिनेमांचं संगीत स्वतःच करू लागले. मला तरी त्यात हाच धागा दिसतो.

संगीतकार आधी असला तर काय होतं याचं टोकाचं उदाहरण १९६३ च्या 'द बर्ड्स'मध्ये आहे. बर्नार्ड हरमनसारखा संगीतकार हाताशी असून हिचकॉकने नेहमीच्या अर्थाचं पार्श्वसंगीत ठेवलंच नाही. पक्ष्यांचे आवाज ओस्कार साला यांनी ट्राउटोनियम नावाच्या विजेच्या वाद्यावर तयार केले आणि हरमन ध्वनीचा सल्लागार म्हणून राहिला. संगीतकाराने वाजवण्याऐवजी ऐकण्याचे पैसे घेतले, असं मी म्हणेन. अलीकडचं सांगायचं तर २०१९ च्या 'चेर्नोबिल' मालिकेसाठी हिल्डूर गुडनाडोटिर लिथुआनियातल्या बंद पडलेल्या इग्नालिना अणुवीज केंद्रात गेली. सोबत क्रिस वॉटसन हा ध्वनिमुद्रक होता. तिथली दारं, पंप, रिकामी दालनं यांचे आवाज घेऊन तिने संगीत रचलं. मालिका बड्या कंपनीची, पैसा मुबलक, हे मान्य. पण पद्धत गरिबाला परवडणारी आहे. एक रेकॉर्डर, दोन बरे माइक, आणि घाईत नसलेला माणूस. आपल्याकडे घाईत नसलेला माणूस महाग पडतो एवढंच.

मराठीत हे घडलंच नाही असं नाही. कोकणातून सुरू होणारी आजोबा-नातवाची गोष्ट सांगणाऱ्या 'श्वास'ला राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळालं. 'श्यामची आई'नंतर पन्नास वर्षांनी मराठीकडे ते पुन्हा आलं होतं. त्याचं संगीत भास्कर चंदावरकरांचं. हा माणूस रविशंकरांचा शिष्य, सतारिया, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवणारा, आणि १९७२ च्या 'घाशीराम कोतवाल'ला संगीत देणारा. त्या नाटकात कीर्तन, लावणी आणि आमच्या कोकणातल्या नमन-खेळ्यांचा बाज कसा एकमेकांत मिसळलाय ते ज्यांनी ऐकलं त्यांना सांगायला नको. लोकसंगीत तिथे फोडणीला नव्हतं, त्याच्यावर नाटक उभं होतं. २०१४ च्या 'कोर्ट'मध्ये संभाजी भगत यांची शाहिरी आहे, पण ती दृश्यातच गायली जाते. अशी माणसं आणि अशी कामं आहेत. रीत मात्र झाली नाही.

एक इशारा माझ्याच बाजूच्यांना. गेल्या काही वर्षांत दुसराच साचा तयार झालाय. संगीत काढून टाका, पाऊस आणि किडे ठेवा, मध्येच एक खर्जाचा घुमारा सोडा, झाला महोत्सवाचा सिनेमा. पणजीला इफ्फी या चित्रपट महोत्सवाला जाणं आम्हाला सोपं आहे, सकाळची एसटी धरली की दुपारच्या खेळाला पोचतो. तिथे असे सिनेमे ओळीने पाहिले की त्या शांततेचाही कंटाळा येतो. बासरी लावणारा जितका आळशी, तितकाच सगळीकडे रातकिडे लावणारा. मौन ठेवायचं तर त्याच्या आधी आणि नंतर काय आहे याचा हिशोब लागतो. तो हिशोब दीड महिना मांगरात बसल्याशिवाय जमत नाही, निदान मी तरी तो जमलेला पाहिला नाही.

आता पैशांचं आणि नावाचं. माझ्या खोलीत झालेलं तात्यांचं एक रेकॉर्डिंग एका सिनेमात वापरलं गेलं. शीर्षकनामावलीत जेवण पुरवणाऱ्याचं नाव आहे, बोकड दिलेल्या शेतकऱ्याचे आभार आहेत, तात्यांचं नाव नाही. विचारलं तर उत्तर आलं, ते तर पारंपरिक आहे. पारंपरिक म्हणजे हवेत होतं आणि माइकमध्ये येऊन पडलं, असा अर्थ बहुतेक. यात माझाही दोष आहे. पेन ड्राइव्ह मीच दिला होता आणि कागद केला नव्हता.

कायदा काय म्हणतो ते नंतर वाचलं. लोकपरंपरेतल्या चालीवर कोणाची मालकी नाही, हे खरं. पण ती चाल वाजवणारा हात कोणाचा तरी असतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सादर करणाऱ्या कलाकाराचे वेगळे हक्क आहेत, ते ५० वर्षं टिकतात, आणि २०१२ च्या दुरुस्तीनंतर त्याच्या सादरीकरणाचा व्यापारी वापर झाला तर त्याला रॉयल्टी देय आहे. त्याच दुरुस्तीने संगीतकार आणि गीतकारांनाही बळ दिलं. सिनेमागृहाबाहेरच्या वापरातला त्यांचा वाटा निर्मात्याला सरसकट लिहून घेता येत नाही. शहरातल्या संगीतकारांनी या दुरुस्तीसाठी जोर लावला आणि ते योग्यच झालं. तोच संगीतकार कोकणात येऊन तात्यांकडून कागदावर सही न घेता पखवाज नेतो, तेव्हा मात्र त्याला ती दुरुस्ती आठवत नाही. हक्काची जाणीव घाट उतरताना कुठेतरी गळून पडते.

राज्य सरकार मराठी सिनेमांना दर्जा ठरवून अनुदान देतं. माझी सूचना बारीक आहे, नवा पैसा मागत नाही. अनुदानाच्या अर्जासोबत एक कागद लावा: सिनेमात ज्या लोककलावंतांचा आवाज किंवा वादन आहे त्यांची नावं, सह्या आणि दिलेली रक्कम. आणि दर्जा ठरवणाऱ्या समितीत एक माणूस असा बसवा ज्याने कधी माइक धरलाय. चित्र कसं दिसतं हे सगळ्यांनाच कळतं. तोच आवाज तिसऱ्यांदा आलाय हे त्याला कळेल.

निर्माते म्हणतील, आधीच कागद कमी आहेत का? बरेच आहेत. पण जनरेटरवाल्याची पावती सांभाळता, तशी तात्यांचीही सांभाळा. संगीतकाराच्या दीड महिन्याच्या मुक्कामाचं म्हणाल तर आमच्याकडे माडीवरची खोली आणि दोन वेळचं जेवण ड्रोनच्या एका दिवसाच्या भाड्यात बरेच दिवस निघतं. एक दिवस ड्रोन उडवला नाही तर खाडी कुठे जात नाही.

तो मुलगा यंदा पुन्हा येतोय, नव्या सिनेमासाठी, जूनच्या पहिल्या आठवड्यात. या वेळी मी करारनामा मराठीत टाइप करून ठेवलाय, एका पानाचा, तात्यांना चष्मा न लावता वाचता येईल एवढ्या मोठ्या अक्षरात. त्यांनी तो वाचला, बिदागीचा आकडा खोडून वाढवून लिहिला आणि खाली एक अट घातली. पडद्यावर बघून वाजवणार नाही. नटाला खोलीत आणून समोर उभा करा, आणि त्याला म्हणावं चपला बाहेर काढ, पाय दिसाक व्हये.